कोर्टाच्या कडेला उभे असलेले अब्बा

मागच्या महिन्यात शाळा सुटल्यावर नववीतल्या एका मुलीचे अब्बा स्टाफरूमच्या दारात येऊन उभे राहिले. हातात घडी घातलेला कागद होता. अकोल्यात ते कूलर दुरुस्तीचं काम करतात. मार्च ते जून त्यांना जेवायला वेळ नसतो आणि पावसाळा लागला की हात रिकामे. त्या रिकाम्या दिवसांत गेली दोन वर्षं त्यांनी एक वेगळंच काम अंगावर घेतलंय. फजरची नमाज झाली की मुलीला मैदानावर न्यायचं आणि पळवायचं. स्वतः ते आयुष्यात कधी शर्यतीत उतरलेले नाहीत. कूलर बसवताना खिडकी मोजायला जो टेप वापरतात, तोच घेऊन त्यांनी मैदानाची कड मोजली, चुन्याने खुणा केल्या, मोबाइलच्या घड्याळावर वेळ लावायला शिकले आणि एका वहीत रोजचा आकडा लिहू लागले. पोरगी 800 मीटर धावते. यंदा महापालिका स्तरावरच्या शालेय स्पर्धेत दुसरी आली. पुढची स्पर्धा विभागाची, अमरावतीला.

"आपा, फॉर्मवर सही केलीय मी. पण तिचे मामू तीन दिवसांपासून घरी येऊन बसतात," ते म्हणाले. (आम्ही बोललो उर्दूत, इथे मराठीत लिहिते.) "म्हणतात, चौदावं संपलं, आता पुरे. उद्या रिश्त्याला लोक आले तर काय सांगणार, पोरगी मैदानात चड्डी घालून पळते म्हणून?" मग आवाज खाली आणून म्हणाले, "चड्डी नाही घालत हो ती, पूर्ण ट्रॅकपँट घालते. पण कोणाकोणाला सांगत बसू?"

मी त्यांना खुर्ची दिली, चहा मागवला. काय बोलावं सुचेना, तेव्हा सानिया मिर्झाच्या अब्बांची गोष्ट सांगितली. ते खूश होऊन गेले. घरी आल्यावर मात्र मला चुटपुट लागली, की मी गोष्ट अर्धीच सांगितली. ज्या अर्ध्या भागाने माणूस खूश होतो तेवढीच. म्हणून आज इथे पूर्ण सांगते.

इम्रान मिर्झा टेनिसपटू नव्हते. त्यांनी क्रीडा पत्रकारिता केली, पुढे बांधकाम व्यवसायात होते. त्यांच्या पत्नी नसीमा छपाईचा व्यवसाय सांभाळत. खेळ म्हणाल तर घराण्यात क्रिकेटचा. भारताचे कर्णधार गुलाम अहमद आणि पाकिस्तानचे आसिफ इक्बाल हे दोघेही त्यांच्या लांबच्या नात्यातले. सानियाचा जन्म 15 नोव्हेंबर 1986 चा, आपल्या मुंबईतला. त्यानंतर थोड्याच काळात हे कुटुंब हैदराबादला परतलं. हैदराबाद आपल्या वऱ्हाडाला परकं नाही. 1853 साली कारभार इंग्रजांकडे जाईपर्यंत वऱ्हाड निजामाच्या मुलखातच होता आणि पुढेही निजामाच्या युवराजाला प्रिन्स ऑफ बेरार म्हणत. अमरावती, अकोला, अचलपूरच्या कितीतरी घरांत एखादी खाला किंवा फुफी आजही हैदराबादेत दिलेली सापडते. तिकडचं बोलणं, तिकडचे टोमणे आपल्याला दुभाष्याशिवाय कळतात.

सानियाला सहाव्या वर्षी पहिल्यांदा कोर्टावर नेलं ते तिच्या आईने, हे मी मुद्दाम सांगते. कारण मुलीच्या यशाची गोष्ट सांगताना अम्मी नेहमी स्वयंपाकघरातच राहून जाते. प्रशिक्षकाने पोरगी फार लहान आहे म्हणून आधी नकारच दिला. नंतर घेतलं, आणि महिनाभराने आईवडिलांना बोलावून सांगितलं, की या वयात असा हात मी पाहिलेला नाही. तिथून पुढे इम्रान मिर्झांनी ते काम आपलं मानलं. शिकवणारे बाहेरचे प्रशिक्षकही होते, पण रोजचं नियोजन, सराव, कोणत्या स्पर्धेला जायचं, कोणती सोडायची हे सगळं वडिलांकडे.

त्या काळात हैदराबादेत ती ज्या कोर्टांवर खेळली ती शेणाने सारवलेली होती. हे तिने स्वतः अनेकदा सांगितलंय. आपल्या अंगणाचा विचार करा. सारवण ताजं असताना चेंडू एक प्रकारे उसळतो, वाळून पोपडे निघाले की दुसऱ्या प्रकारे, आणि पावसात तर खेळच बंद. परदेशात तिच्या वयाच्या मुली पक्क्या कोर्टावर, मोजून आखलेल्या वेळापत्रकाने खेळत होत्या. इकडे आईवडील तिला गाडीत बसवून गावोगावच्या स्पर्धांना रस्त्याने नेत होते, कारण सगळ्यांचं विमानाचं तिकीट परवडणारं नव्हतं. टेनिस हा महागडा खेळ आहे. रॅकेट, तारा, बूट, चेंडू, प्रवास, मुक्काम, सगळ्याला पैसा. आपल्याकडे तर टेनिसचा चेंडू म्हणजे गल्लीतल्या क्रिकेटचा. माझ्या एका विद्यार्थ्याला तो चेंडू मुळात दुसऱ्या खेळाचा आहे हे सातवीत माझ्याकडून कळलं, आणि त्याने माझ्याकडे संशयाने पाहिलं होतं.

आणि नातेवाईक. उन्हात खेळून काळी पडेल, मग हिच्याशी लग्न कोण करणार, हे तिच्या घरच्यांना ऐकावं लागलं. सानियाने ते नंतर जाहीरपणे सांगितलं, म्हणून आपल्याला माहीत. वाचलं तेव्हा मी हसले होते. अकोल्यात मे महिन्यात पारा 45 च्या वर जातो. उन्हाने लग्नं मोडत असती तर अख्खा वऱ्हाड बिनलग्नाचा राहिला असता.

पुढचं तुम्हाला ठाऊक आहे. 2002 मध्ये बुसानच्या आशियाई स्पर्धेत लिअँडर पेसबरोबर कांस्यपदक. 2003 मध्ये विम्बल्डनचं मुलींच्या दुहेरीचं विजेतेपद आणि त्याच वर्षी हैदराबादच्या आफ्रो-आशियाई स्पर्धेत चार सुवर्णपदकं. 2005 च्या जानेवारीत, अठरा वर्षांची असताना, मेलबर्नला तिसऱ्या फेरीत सेरेना विल्यम्ससमोर उभी राहिली आणि हरली. पुढच्याच महिन्यात आपल्या गावी हैदराबादेत डब्ल्यूटीएचं एकेरीचं विजेतेपद, भारतीय स्त्रीने मिळवलेलं पहिलं. 2007 मध्ये एकेरीत जगात 27 वी. कूलरवाल्या अब्बांना मी इथपर्यंत सांगितलं होतं.

आता जे सांगितलं नाही ते.

2005 च्या सप्टेंबरमध्ये तिच्या खेळण्याच्या कपड्यांवरून वाद उठला आणि कोलकात्याच्या स्पर्धेत तिच्याभोवती पोलिसांचा पहारा ठेवावा लागला. वय अठरा. त्या वयाच्या मुली आपल्या घरात बारावीचा निकाल लागला की अम्मीच्या ओढणीत तोंड लपवतात. एका वादातून सुटली की दुसरा उभा, असं पुढे काही वर्षं चाललं. 2008 मध्ये तर अशा कटकटींना कंटाळून तिने बंगळूरच्या स्पर्धेत खेळायचंच नाही असं ठरवलं. त्याच वर्षी मनगटाच्या दुखापतीने तिला पुरतं बेजार केलं, आणि अखेर 2013 मध्ये एकेरी सोडल्याचं तिने जाहीर केलं. म्हणजे वीस वर्षांच्या मेहनतीनंतर, जे स्वप्न घेऊन बापलेक निघाले होते ते त्या रूपात पुरं झालं नाही. एकेरीत ग्रँडस्लॅम आलं नाही ते नाहीच. जे आलं ते दुहेरीत. मिश्र दुहेरीत 2009, 2012 आणि 2014 ला तीन, महिला दुहेरीत 2015 आणि 2016 मिळून तीन, एकूण सहा. आणि एप्रिल 2015 मध्ये दुहेरीत जगात पहिला क्रमांक.

बापाने मुलाच्या हातात स्वप्न द्यावं, पण ते कोणत्या रूपात पुरं व्हावं हे आपल्या हाती ठेवू नये, असं मी लिहिणार होते. मग लक्षात आलं, की हे लिहिण्याचा मला फारसा हक्क नाही. माझा मुलगा बारावीत होता तेव्हा सराव परीक्षेत त्याला कमी गुण पडले म्हणून मी त्याच्याशी आठ दिवस नीट बोलले नव्हते. आठ दिवस! ताट वाढायचे आणि उठून जायचे. वर्गात पस्तीस मुलांना समजुतीने घेणारी बाई मी, घरी येऊन एका पोराची परीक्षक झाले होते. तो आता ठीक आहे, आपल्या मनाने कॉमर्सला गेला, पण त्या आठवड्याची आठवण निघाली की तो विषय बदलतो आणि मीही.

टेनिसच्या जगात तर या रोगाची उदाहरणं ढिगाने आहेत. आंद्रे अगासीच्या वडिलांनी चेंडू फेकणारं यंत्र आणखी भयंकर करून घेतलं होतं. सात वर्षांचा पोरगा त्याला ड्रॅगन म्हणायचा. मोठेपणी जगज्जेता झालेल्या त्याच मुलाने आत्मचरित्रात लिहिलं, की मला टेनिसचा तिरस्कार होता. मेरी पियर्सच्या वडिलांच्या वागण्यामुळे 1993 मध्ये त्यांना स्पर्धांच्या ठिकाणी यायलाच बंदी घातली गेली. येलेना डॉकिचने 2017 च्या आपल्या पुस्तकात वडिलांनी केलेली मारहाण लिहिली, ती मी एका बैठकीत वाचू शकले नाही. ही सगळी माणसंही कोर्टाच्या कडेलाच उभी होती. मुलांसाठी सगळं सोडलं असं तीही म्हणत होती, आणि ते खोटं नव्हतं.

दुसऱ्या बाजूला रिचर्ड विल्यम्स. व्हीनस आणि सेरेना जन्मायच्या आधीच त्यांनी 78 पानांचा बेत लिहून ठेवला होता म्हणतात. तेही खेळाडू नव्हते. कॉम्प्टनसारख्या वस्तीतल्या सार्वजनिक कोर्टावर शिकवलं. पण मुली लहान असताना, जिंकत असताना, त्यांनी त्यांना लहान वयाच्या स्पर्धांमधून बाहेर काढलं आणि शाळेत लक्ष घालायला लावलं. लोक वेडा म्हणाले. त्यांच्यावर 2021 मध्ये चित्रपट आला, तुमच्यापैकी काहींनी पाहिला असेल.

आपल्या देशातलं सगळ्यात जुनं उदाहरण तमिळनाडूतलं आहे. तेनकाशीचे टी. के. रामनाथन यांनी मुलगा रामनाथन कृष्णनला घडवलं. तो 1960 आणि 1961 मध्ये विम्बल्डनच्या उपांत्य फेरीत गेला. त्याचा मुलगा रमेश. बापाने 1966 मध्ये आणि मुलाने 1987 मध्ये भारताकडून डेव्हिस कपची अंतिम लढत खेळली.

पण माझं मन रेंगाळतं ते कोलकात्याच्या अख्तर अलींपाशी. जन्म 1939 चा. 1955 मध्ये राष्ट्रीय ज्युनिअर विजेते, त्याच वर्षी विम्बल्डनमध्ये मुलांच्या गटात उपांत्य फेरी. 1958 ते 1964 या काळात भारतासाठी डेव्हिस कप खेळले. स्क्वॉशही खेळायचे. इतकं असूनही त्यांचं नाव टिकलं ते शिकवण्याने. भारताच्या डेव्हिस कप संघाला त्यांनी वर्षानुवर्षं शिकवलं. चेंडूची वाट बघत मागे उभं राहू नका, नेटकडे धावा, ही त्यांची पद्धत. त्यांचा मुलगा झीशान अली 1988 च्या सोल ऑलिम्पिकमध्ये खेळला आणि पुढे तोही भारतीय डेव्हिस कप संघाचा प्रशिक्षक झाला. वडिलांना 2000 मध्ये अर्जुन पुरस्कार, मुलाला 2014 मध्ये ध्यानचंद पुरस्कार. अख्तर अली 7 फेब्रुवारी 2021 रोजी गेले. शिकवण्यात गेलेलं आयुष्य एका शिक्षिकेला वाचायला बरं वाटतं, यात माझा थोडा स्वार्थ आहे हे कबूल करते.

परत इम्रान मिर्झांकडे येऊ. 11 जुलै 2015, विम्बल्डन, महिला दुहेरीचा अंतिम सामना. सानियाची जोडीदार मार्टिना हिंगिस. पहिला सेट गेला, दुसरा टायब्रेकमध्ये मिळाला, तिसऱ्यात 2-5 अशा मागे. तिथून फिरवून 7-5. मध्येच अंधार झाला म्हणून छप्पर बंद करून दिवे लावले गेले. मी तो सामना माझ्या मुलीसोबत टीव्हीवर पाहिला. तेव्हा ती पाचवीत होती. तिने विचारलं, ही दुसरी कोण? मी सांगितलं, हिला हिच्या अम्मीने शिकवलं आणि सानियाला तिच्या अब्बांनी. हिंगिसची आई मेलानी मोलिटर हीच तिची प्रशिक्षक, पोरीचं नावसुद्धा तिने नवरातिलोव्हावरून मार्टिना ठेवलेलं. एकीला आईने घडवलेलं, दुसरीला बापाने, आणि दोघी त्या रात्री एका बाजूला. माझ्या मुलीने त्यावर विचारलं, "आणि तुम्ही दोघं मला काय शिकवता?" माझ्या मियांनी वर्तमानपत्र वर केलं.

त्यानंतर सानियाची आई होऊनही कोर्टावर परत येणं, हा मला या गोष्टीतला सर्वांत मोठा भाग वाटतो. मुलगा ऑक्टोबर 2018 चा. जानेवारी 2020 मध्ये होबार्टला परतली आणि पहिल्याच स्पर्धेत दुहेरीचं विजेतेपद घेतलं. 2023 च्या जानेवारीत मेलबर्नला शेवटच्या ग्रँडस्लॅममध्ये रोहन बोपण्णासोबत अंतिम फेरी हरली आणि बोलताना रडली. मार्चमध्ये हैदराबादच्या लालबहादूर स्टेडियमवर निरोपाचे सामने झाले. तिच्या नावाची अकादमी 2013 पासून हैदराबादबाहेर चालते आणि तिथल्या कामात इम्रान मिर्झा असतात. सानियाच्या 2016 च्या आत्मचरित्रावर सहलेखक म्हणून त्यांचं नाव आहे. आपल्या मुलीचं झालं, आता घरी बसू, असं त्यांनी केलं नाही.

पुढच्या सोमवारी मी कूलरवाल्या अब्बांना परत बोलावलं. ती वही मागितली. पानंच्या पानं आकडे, तारखा, मिनिटं, सेकंद. मध्ये दोन दिवस कोरे होते. मी विचारलं, इथे काय झालं? थोडा वेळ गप्प राहून म्हणाले, "त्या दिवशी ती म्हणाली, आज नाही पळायचं. मी रागावलो नाही, आपा. पण बोललो नाही दोन दिवस." मी माझे आठ दिवस त्यांना सांगितले. शाळेतल्या कोणाला मी ते कधी सांगितले नव्हते. ते वहीकडे पाहत राहिले. मग म्हणाले, "तिला विचारलंच नाही मी, का नाही म्हणाली."

मुलीला बोलावलं. तिने जमिनीकडे पाहत सांगितलं, की बुटाचा पुढचा भाग चावतो, नखं काळी पडलीत, पण नवीन बूट मागितले तर अब्बा उधारी करतील म्हणून बोलली नाही.

मामूंकडे मी त्याच संध्याकाळी गेले. मनात भांडायची तयारी होती. पण माणूस भांडखोर निघाला नाही. त्यांचे प्रश्न साधे होते. अमरावतीला मुक्काम करावा लागला तर पोरगी कुठे राहणार? बरोबर बाई कोण? मैदानावर मुलींना कपडे बदलायला जागा असते का? खरं सांगते, शाळेकडून फक्त एक सर जाणार होते आणि या प्रश्नांचा विचार आम्ही कोणीच केला नव्हता. आम्ही मामूंना जुनाट ठरवून मोकळे झालो होतो. मी म्हटलं, मी जाते सोबत. अमरावती माझं माहेर आहे, मुक्काम माझ्या अम्मीकडे. माझ्या लहानपणी आमच्या घरात हनुमान व्यायाम प्रसारक मंडळाचं नाव अदबीने घेतलं जायचं. 1914 साली सुरू झालेली ती संस्था, तिची मंडळी 1936 च्या बर्लिन ऑलिम्पिकला जाऊन आपले देशी खेळ दाखवून आली होती. माझे अब्बा ती हकीकत आम्हा बहिणींना सांगायचे, मात्र मैदानाकडे पाठवायचे ते फक्त भावाला. हेही मी मामूंना सांगून टाकलं.

त्यांनी दाढीवरून हात फिरवला. अकोला-अमरावती रस्त्यावर 2022 मध्ये 75 किलोमीटरचं डांबरीकरण 105 तासांत करून जागतिक विक्रम झाला होता. मामूंना हो म्हणायला त्याहून जास्त वेळ लागतो की काय, असं मला वाटू लागलं. चहा आला, संपला. आतल्या खोलीतून त्यांच्या पत्नी दोनदा डोकावून गेल्या.

"बूट मी घेऊन देतो," ते शेवटी म्हणाले. "आणि मीपण येतो. एसटीने जाऊ, सकाळच्या." मग थोडं थांबून, जरा लाजतच, त्यांनी विचारलं, "आपा, हे 800 मीटर म्हणजे मैदानाला किती फेऱ्या?"

"दोन."

"दोनच?" मामू म्हणाले.